कुसुममावशीचं डोंगरातलं गाव

फोन एडनाचा होता, मावशीच्या शेजारणीचा. सकाळी दार उघडलं नाही म्हणून ती आत गेली, तर कुसुममावशी झोपेतच गेलेली... ॲन आर्बरच्या माझ्या खोलीत मला आधी रागच आला. एवढी बडबडी बाई, आणि न सांगता गेली! मग मी खूप रडले.

नॉर्थ कॅरोलिनाच्या डोंगरातलं ते गाव. एकच मोठा रस्ता, हार्डवेअरच्या दुकानापुढे झुलत्या खुर्च्या, शनिवारी संध्याकाळी कोर्टाच्या पायऱ्यांवर फिडल आणि बँजोची मैफल. काका तिथे डॉक्टर म्हणून गेले आणि मावशी गावाच्या प्रेमातच पडली. कुठली गोधडी कुणाच्या आजीने शिवली, कुठला पूल कुणाच्या पणजोबांनी बांधला, सगळं तिला पाठ. "अगं, हे लोक सदाशिव पेठेपेक्षा जास्त चौकशा करतात, म्हणून तर मला इथे करमतं!" असं ती सांगायची.

उन्हाळा लागला की तिथे चर्चमागच्या दफनभूमीत डेकोरेशन डे असतो. माणसं आपापल्या थडग्यांवरचं गवत काढतात, फुलं वाहतात आणि तिथेच लांब टेबलं मांडून जेवतात. पहिल्याच वर्षी मावशीला वाटलं, हा तर यांचा पितृपक्ष! एका थडग्यावर एकही फूल नव्हतं. तिथे तिने वरणभात आणि वडे ठेवले आणि कावळ्याची वाट बघत उभी राहिली. सगळ्यांचे घास हातातच राहिले, काका तर अर्धमेले झाले. एडनाने विचारलं तेव्हा मावशी न कचरता म्हणाली, "याचं कुणी आलं नाही. उपाशी का ठेवायचा?" पुढच्या वर्षी एडनाने स्वतःच तिथे मक्याच्या पावाचा तुकडा ठेवला. कावळ्याला तोच जास्त आवडला, ही मावशीची कायमची तक्रार.

काका गेल्यावर समीर, तिचा मुलगा, हट्टाला पेटला. "आई, हाउस सेल कर आणि डॅलसला मूव्ह हो. जेवायला बोलावतात म्हणून लोक आपले होतात का? इथे कोण आहे तुझं?"

"ह्यांच्या अस्थी नाशिकला गेल्या. माझ्या इथल्याच मातीत ठेव," एवढंच ती म्हणाली. पण तो प्रश्न तिला लागला होता, मला ठाऊक आहे. तिने गावाला आपलं मानलं होतं. गावाने तिला मानलंय का, हे ती विचारणार कुणाला?

गेल्या महिन्यात समीर आणि मी मावशीच्या अस्थी घेऊन तिथे गेलो. खड्डा खणायला कुणाला कॉल करायचा, या काळजीत समीर गाडीतून उतरला. चर्चमागे एडनाचा म्हातारा नवरा, हार्डवेअरवाला आणि आणखी काही जण बाह्या सारून आळीपाळीने खणत होते.

"तुम्ही कशाला त्रास घेतलात? मी कुणालातरी हायर केलं असतं," समीर त्यांना इंग्रजीत म्हणाला.

म्हाताऱ्याने वरही पाहिलं नाही. "परक्याकडून खणून घ्यायची रीत नाही आमच्यात. घरचीच माणसं खणतात."

समीरने कोट काढून माझ्या हातात दिला आणि त्यांच्याकडे फावडं मागितलं.