तेवढं कापून घे

कॅसेट नानांनी माझ्या हातात दिली नाही. पायरीवर ठेवली.

"उचल," म्हणाले.

मी फाटकातून आत आले तेव्हा चांगलं "या, बसा" चाललं होतं. मग त्यांनी आडनाव विचारलं. मी सांगितलं. "म्हंजी बुद्धवस्तीतली व्हय," म्हणाले. पुढे केलेली खुर्ची तिथल्या तिथे मागे गेली.

माहितीपटांसाठी जुन्या चित्रफिती शोधणं हे माझं काम. लोकांच्या कपाटात पडलेल्या लग्नाच्या, जत्रेच्या कॅसेटी. पुण्याच्या एका दिग्दर्शकाला बैलगाडा शर्यतीची जुनी दृश्यं हवी होती. नाना त्या काळचे नावाजलेले गाडामालक. आणि गाव आंबेगाव तालुक्यातलं, माझ्याच वडिलांचं, आप्पांचं. मी पाळण्यात असताना आप्पांनी ते सोडलं. गावची लेक म्हणून दोन शब्द बरे बोलतील, असं वाटलं होतं. मूर्खच मी.

सोबत आणलेला छोट्या पडद्याचा प्लेअर ओट्याच्या कडेला मांडला. कॅसेट लावली. शर्यतीचा चढता घाट, भंडारा, भोंगा, फेटे. गाडा सुटला आणि एक बैल उधळून थेट पोरांच्या घोळक्याकडे वळला. एक काटकुळा तरुण धावला. त्याने वेसण धरली. बैल थांबला. तेवढ्यात फेटेवाले तरणे नाना आले आणि त्यांनी त्या तरुणाच्या कानाखाली वाजवली.

"माज्या बैलाला शिवतो व्हय रं?"

गर्दी हसली. तरुणाने खाली पडलेली टोपी उचलली. चेहरा कॅमेऱ्याकडे वळला.

माझे आप्पा.

आप्पा आता नाहीत. गाव का सोडलं विचारलं की म्हणायचे, "काय ठिवलं व्हतं तिथं?" एवढंच. जन्मभर एवढंच.

शेजारी नाना हसत होते. "तुजा बाप न्हाई का त्यो? लई चढला व्हता. तेवढं कापून घे. बाकी आमचं नाव येऊ दे पडद्यावर."

मी दिग्दर्शकाला फोन लावला. सगळं सांगितलं. तो म्हणाला, "मग घे ना कापून. मला पळणारे बैल हवेत. उगाच वाद नको."

मी फोन ठेवला. नानांना हो म्हणून गुपचूप अख्ख्या कॅसेटची नक्कल करता आली असती. पण माझ्या बापाला मी चोरून का नेऊ?

"नाना, न्यायची तर अख्खी नेईन. काहीही न कापता."

"मग ऱ्हाऊ दे. नीघ हितनं."

निघाले. घोडेगावच्या स्टँडवरून दिग्दर्शकाला कळवलं, तुमचं काम सोडलं.

यात्रेतल्या शर्यतीची कॅसेट एकाच घरात नसते. शूटिंगवाला तिच्या नकला गाडामालकांना विकायचा. नारायणगाव, जुन्नर, वरची खेडी. मी दारोदार फिरणार. हाकलतील, तरी फिरणार. सापडली की त्याच घाटात पडदा लावून अख्खी दाखवणार. खाली नावंही लिहिणार. बैल धरणाऱ्याचं. आणि मारणाऱ्याचंही.