लेव्हल उतरवून द्या

नारायण पेठेतल्या चिंचोळ्या दुकानात बसून बद्रीनाथ नऊ वर्षं जगावर संशय घेत होता. वाशीमहून आला तेव्हा असा नव्हता, असं त्याची बायको कौशल्या सांगते. आता मंडईत वांगी घेतानाही तो विकणाऱ्याकडे अशा नजरेनं बघतो, की ती चार पावलं मागे राहते.

मोबाइल दुरुस्तीबरोबर तो आणखी एक काम करायचा. व्हिडिओ गेममधल्या सैनिकांची बोटभर खेळणी असतात. तळाशी चिप, आणि चिपमध्ये त्या सैनिकाची खेळातली सगळी कमाई. ती बद्रीनाथ कॉम्प्युटरवर उतरवून ठेवी, हवी तर बदलूनही देई. आधी बॅकअप घ्यायचा, आणि त्याआधी खेळणं आपलंच असल्याचं गिऱ्हाइकानं सहीनिशी लिहून द्यायचं, हा दुकानाचा कायदा.

एका दुपारी नम्रता नावाच्या बाई आल्या. रुमालात गुंडाळलेला सैनिक काढला. लेव्हल एकोणचाळीस होती, ती बारा करून हवी होती.

बद्रीनाथचे कान टवकारले. लोक वाढवायला येतात. उतरवायला येणारा काहीतरी लपवतोय. चोरीचा माल, दुसरं काय. त्यानं कागद पुढे सरकवला.

“का हो, याची किडनी काढणार आहात?” बाईंनी विचारलं.

“सही नसेल तर काम नाही, ताई.”

शेवटी बाईंनी मागेपुढे बघत खरं सांगितलं. मुलगा अभिनव दहावीला. जूनपासून गेम कपाटात, किल्ली त्यांच्याकडे. परीक्षा होईपर्यंत या घरात कुणी हात लावायचा नाही, हे फर्मानही त्यांचंच. अभिनवनं ते पाळलं. तो क्लासला गेला की बाई मात्र रोज तासभर खेळत बसल्या. उद्या शेवटचा पेपर. पोरानं आकडा बघितला, की घरात त्यांचा शब्द संपला.

मग त्यांनी सही केली, कुणाला वाचता येणार नाही अशी. बद्रीनाथनं तरीही चिप वाचून पाहिली. मालकाच्या नावाच्या जागी ‘अभिनव’ निघालं, तेव्हा कुठे बॅकअप घेऊन त्यानं आकडा खाली आणला. पडद्यावर बारा दिसले आणि बाईंचा चेहरा पडला.

“तो एकोणचाळीसवाला बॅकअप पुसू नका,” त्या हळूच म्हणाल्या.

तिसऱ्या दिवशी त्यांचा फोन आला. अभिनवला काही कळलं नव्हतं. तो फक्त सकाळपासून गेममधल्या चौथ्या किल्ल्याच्या पुलावरून खाली पडत होता, आणि पूल कसा ओलांडायचा हे माहीत असून बाईंना शेजारी बसून मुकाट भेंडी चिरावी लागत होती.

बद्रीनाथनं फोन ठेवला. बाई आठवडाभर तरी गप्प बसतील, यावर त्याचा काडीचा विश्वास नव्हता.