खालमानेची साक्ष

दूध वर आलं म्हणून सून गॅस बारीक करत होती, सासूबाई टेबलाशी मटार सोलत होत्या, आणि दार वाजलं. फिल्मवाले. यायचे होते जेवणं झाल्यावर, उगवले चहाच्या आधी. सासूबाईंनी हातातली शेंग पुरती सोलली, मगच केस बांधायला उठल्या. घरंदाजपणातला तेवढाच ऐवज त्यांच्याकडे उरलाय, असं सून गमतीनं म्हणायची: घाई न करणं. बाकी सगळं राजाबरोबर गेलं आणि दरबारी सरदाराची ही लेक तिसऱ्या मजल्यावरच्या तीन खोल्यांत आली.

राजघराण्यावर कुठलीही फिल्म निघो, राजवाड्यातला शेवटचा दिवस डोळ्यांनी पाहिलेलं माणूस म्हणून त्यांचा शोध घेत मंडळी यायचीच. प्रश्न विचारणाऱ्याचा आवाज नंतर काढून टाकतात, म्हणून उत्तरातच प्रश्न गुंफायचा, हे त्यांच्या इतकं अंगवळणी पडलं होतं, की सुनेनं चहाचं विचारलं तरी म्हणायच्या, "चहाबद्दल म्हणशील, तर तो मला हवाच होता."

मंडळींनी घराचा ताबा घेतला. घड्याळ उतरवलं, फ्रिज बंद केला, घरच्या प्लास्टिकच्या खुर्च्या हलवून बरोबर आणलेली कोरीव खुर्ची मांडली. मावशींना आतल्या खोलीत बसवून दार लोटायचं काम नेहमीप्रमाणे सुनेकडे आलं. मावशी म्हणजे सासूबाईंची धाकटी बहीण. हल्ली विसरायच्या, मधेच काहीतरी बोलायच्या, आणि ते नेमकं रेकॉर्ड व्हायचं.

दिग्दर्शिका तरुण होती, गोड बोलणारी. देश सोडून जाताना राणीसाहेबांच्या चेहऱ्यावर काय होतं, डोळ्यांत पाणी होतं का, असं तिनं विचारलं. सासूबाईंनी दरवेळचंच सांगितलं. दोघी बहिणी पायरीवर फुलांची तबकं धरून उभ्या होत्या. राणीसमोर मान वर करायची नाही, हा दरबारचा शिरस्ता. त्यामुळे त्यांना दिसले ते बूट. करड्या रंगाचे. एकाचं बक्कल सैल होतं, ते पायरीपायरीला वाजत होतं.

हे बक्कल आजवर एकाही फिल्ममध्ये वाजलं नव्हतं. त्या जागी रडणारी राणी यायची आणि मागे व्हायोलिन.

"पण तुम्ही तर तिथंच होतात ना?" दिग्दर्शिकेनं समजुतीच्या सुरात विचारलं.

"होते. म्हणून तर बूट सांगतेय."

सुनेला हसू आलं आणि लगेच विरलंही. मध्यंतरी टीव्हीवर अशीच फिल्म चालू असताना, राणी अश्रू ढाळत गेली हे ऐकून मावशी पलंगावरून म्हणाल्या होत्या, "रडत कुठं होत्या? जांभई देत होत्या बिचाऱ्या. रात्रभर सामान बांधलं असेल." राजवाड्यातल्या त्या दिवशी मान वर केली होती ती धाकटीनं. त्याबद्दल आईची थप्पड खाल्ली, पुन्हा कुणापुढे बोलायचं नाही अशी ताकीदही मिळाली, आणि पोरीनं ती म्हातारपणापर्यंत पाळली. टीव्हीसमोर ते ऐकल्यापासून सासूबाई तिला अधूनमधून पुन्हा विचारत. आधी उत्तर झटकन यायचं. परवा विचारलं तेव्हा मावशी बराच वेळ खिडकीकडे बघत राहिल्या होत्या.

"माझा चहा कुणी प्यायला?" आतून आवाज आला.

आवाज रेकॉर्ड करणाऱ्यानं हेडफोन काढून सुनेकडे पाहिलं. ती ओशाळून किलकिलं झालेलं दार लावायला उठली. सासूबाईंनी तिचा हात धरला.

"राहू दे उघडं," त्या म्हणाल्या, आणि दिग्दर्शिकेकडे वळल्या. या खेपेला उत्तरात कुठलाच प्रश्न गुंफलेला नव्हता.

"राणीसाहेबांचा चेहरा माझ्या बहिणीनं पाहिलाय. तिला अजून आठवतंय. पुढच्या वेळी तुम्ही याल तेव्हा आठवेलच असं नाही. माझ्याशेजारी आणखी एक खुर्ची मांडा. घरातली प्लास्टिकचीही चालेल."