मनगटाची सुतळी

त्या संध्याकाळी आम्ही दोघं भाकरी आणि वांग्याची भाजी जेवलो. मी रात्रपाळीला निघालो तशी बायकोनं मनगट पुढं केलं. मी सुतळी बांधली. रोजचंच काम.

बायको जन्मापासून बहिरी. मला ऐकू येतं, पण मी रात्रभर बिस्किटाच्या कारखान्यात. अमेरिकेत, जर्सी सिटीतल्या आमच्या गल्लीत तेव्हा घरं जळायची. भाडेकरू निघेनात म्हणून मालकच पेटवतात, असं लोक बोलायचे. खरंखोटं देव जाणे. पण आग लागली तर हिला कोण उठवणार? बाहेर बोंबलून काय उपयोग?

खालच्या मजल्यावर एक काळी बाई राहायची. नवरा वारलेला, लाँड्रीत इस्त्री करायची. तीही बहिरी. सुतळीची शक्कल तिचीच. घर गरम ठेवणाऱ्या वाफेच्या पाइपासाठी जमिनीला भोक होतं, त्यातून सुतळी खाली सोडलेली. एक टोक हिच्या मनगटाला, दुसरं तिच्या. निजताना एक हिसका. सकाळी दोन, म्हणजे उठलीस का? उलट दोन, म्हणजे उठले. धूर आला तर ओढतच राहायचं.

हिच्या खुणा सोलापूरच्या, तिच्या अमेरिकेच्या. तरी दोघींचं तासन्‌तास चालायचं. बायकोला ती नाकावर बोट ठेवून हाक मारायची, चमकी होती म्हणून. माझी खूण पोट.

"माझ्याबद्दल काय चाललंय?" मी हातानं विचारायचो.

"सुट्टीच्या दिवशी तुम्ही घोरता ते," बायकोचे हात सांगायचे. "हिचं छत हलतं म्हणे."

मग दोघी हसून लोळायच्या.

मला मात्र कामावर चैन नसायचं. सकाळी बसमधून उतरलो की आधी वास घ्यायचो, मग खिडकी बघायचो.

त्या सकाळी वास नव्हता. खिडकी शाबूत. वर आलो. ती कुशीवर निजली होती. कपाळाला हात लावला, तर गार. आग नाही, धूर नाही, आणि बायको गेलेली. तिथंच खाटेवर बसलो.

तेवढ्यात तिचा हात हलला. दोनदा. मला वाटलं, उठली.

मग सुतळी दिसली.

उलट दोन हिसके द्यावेत तर ते खोटं. न द्यावेत तर खालची बाई आग समजून धावत येणार. गाठ सोडायला गेलो, सुटेना. हात पुन्हा दोनदा हलला. मग जिन्यावर पावलं वाजली.

दार उघडलं. ती धापा टाकत होती, हवा हुंगत होती.

"धूर?" तिनं हातानं विचारलं.

मी नाही म्हणून मान हलवली. नाकावर बोट ठेवलं. पुढची खूण मला येत नव्हती. दारातून बाजूला झालो.