मुआतिदेची भाजलेली सरकी

माझी थोरली बहीण मुआतिदे हिच्याबद्दल बोलताना लोक आता आवाज मऊ करतात. ती कुणी साध्वी असावी असं ऐकणाऱ्याला वाटतं. साध्वी कसली! तोंडाने फटकळ, आणि राग आला की समोर कोण आहे हे न बघणारी. पण मेसालो नदीकाठच्या आमच्या गावातली पोरं जगली ती तिच्यामुळे, आणि ती कशी जगली हे मी डोळ्यांनी पाहिलंय. म्हणून सांगते.

पोर्तुगीजांचं राज्य होतं. हुकूम असा की कापूस लावायचाच. पुरुषांना दोरखंडाने बांधून रस्त्याच्या कामावर नेलेलं, म्हणून कापूस बायकांच्या माथी. कंपनीची माणसं सरकीची पोती टाकून जायची आणि मुकादम नामुरिया शेताशेतातून फिरायचा. तण दिसलं की पाणघोड्याच्या कातड्याचा चाबूक. कुणी ज्वारी निंदताना सापडली तर भोकं पाडलेली लाकडी थापी तळहातावर. थापीच्या प्रत्येक भोकातून हाताचं मांस वर फुगून यायचं, आणि मग महिनाभर कुदळ धरता यायची नाही. कापूस काही खाता येत नाही. भुकेच्या एका साली मुआतिदेचे दोन मुलगे गेले. धाकटा गेला तेव्हा त्याच्या तोंडात माती होती. उरली एकटी मुलगी, झैना, काटकुळी, पोट पुढे आलेली.

त्यानंतर मुआतिदेने सरकी भाजायला घेतली. दुपारी नामुरिया काजूची दारू ढोसून आडवा झाला की बायका टोपल्या घेऊन तिच्या परसात यायच्या. ती खापरावर, अगदी मंद आचेवर, हाताने हलवत राहायची. बी दिसायला जशीच्या तशी, आतला कोंब तेवढा मेलेला.

"अगं, करपेल ना!" एकजण म्हणायची.

"तू नवऱ्याला करपवलंस तेव्हा मी आले होते का सांगायला? गप बस, लाकूड पुढे सार."

आम्ही ओळीत, मन लावून, मेलेली सरकी पेरायचो. शेतं उघडीच राहायची. मार पडायचा तो पडायचाच, पण मार खाऊन उरलेल्या वेळात ज्वारी होत होती. कापसाचा गोरा साहेब यायचा, माती चोळायचा, जिभेला लावायचा. शेवटी चिडून म्हणाला, "या सालीही उगवला नाही, तर हा पट्टा कापसातून काढून टाकतो." त्या दिवसापासून मुआतिदेला दुसरं काही सुचत नव्हतं. एवढं एक साल कोरडं गेलं की जमीन आपली, झैनाचं पोट आपलं.

घात झाला तो आमच्याच रिवाजाने. पेरणीआधी बियाण्यातली मूठभर कुळाच्या झाडाच्या बुंध्याशी पूर्वजांसाठी ठेवायची, आणि ती कच्चीच. मग पीक हाती येईपर्यंत त्या झाडाखाली कुणी जायचं नाही. आमची आई कुळाची मोठी बाई, मान तिचा.

"आई, या वेळी भाजलेली ठेव," मुआतिदे म्हणाली.

"मेलेल्यांना फसवू? गोऱ्याला फसवतेस तेवढं पुरे. तुझा आजा झोपू देईल का मला?"

"आजा जेवायला येत नाही, आई. मुकादम येतो."

"जीभ आवर. अजून मी मेले नाही."

एरवी ती मूठ शेळ्या खाऊन टाकायच्या. त्या साली शिपायांनी शेळ्या ओढून नेल्या होत्या, हे आमच्यापैकी कुणाच्याच डोक्यात आलं नाही. नामुरियाला त्या झाडाशीच लघवीला जायचं सुचलं. तिथे गुडघाभर कापूस डुलत होता.

सगळ्या गावाला अंगणात बसवलं. साहेब खुर्चीवर. नामुरियाने ती रोपं उपटून आमच्यापुढे फेकली.

"इथे सावलीत उगवतो आणि तुमच्या शेतात नाही?" साहेब म्हणाला. "बी कोण मारतं?"

आई उठली. "कुणी नाही. ती जागा मेलेल्यांची आहे. त्यांच्या जागेत काहीही उगवतं. आमच्यात नाही उगवत."

तिला जमिनीवर पालथी पाडली. नामुरियाने चाबूक भिजवून घेतला होता. पाठीचं कातडं फाटलं, मग खालचं. प्रत्येक वाराला साहेब विचारायचा, "बी कोण मारतं?" आणि नामुरिया मुआतिदेकडे बघत म्हणायचा, "थांबवणं तुझ्या हातात आहे बाई. म्हातारी तुझीच ना?"

मुआतिदे उठली. तिचं तोंड उघडलेलं मी पाहिलं. आईने मान वळवली. ओठांतून रक्ताची लाळ लोंबत होती.

"खाली बस, मुआतिदे," ती म्हणाली. "उगवत नाही म्हणजे उगवत नाही."

मुआतिदे बसली. झैनाचं तोंड तिने आपल्या मांडीत दाबून धरलं आणि बघत राहिली. मी डोळे मिटले. तिने नाही मिटले. चाबकाचा आवाज आधी चटचट होता, नंतर ओला झाला, आणि आई हलायची थांबल्यावरही नामुरिया मारतच होता.

साहेब उठला. मुआतिदेकडे त्याने बराच वेळ पाहिलं. मग दुसऱ्या गोऱ्याला म्हणाला, "मूठभर सरकीसाठी कुणी आपल्या आईला असं मरू देत नाही. जमीनच वाईट आहे." दुभाष्याने ते आम्हाला नंतर सांगितलं. पट्टा सुटला. झैना पोटभर खाऊन वाढली. मुआतिदेने त्या दिवसाबद्दल चकार शब्द काढला नाही, आणि मला ते विचारायची हिंमत कधी झाली नाही.

पुढे पोर्तुगीजांशी लढाई पेटली. नदीपलीकडून बंदुका घेतलेली आमचीच माणसं आली. त्यांच्यातला एक देखणा जवान, लुसियानो, सभेत हात उंचावून म्हणाला, "स्वातंत्र्यासाठी आपण आपली आईसुद्धा देऊ!" लोकांनी टाळ्या पिटल्या.

मुआतिदे पुढे गेली आणि तिने त्याच्या कानाखाली अशी लगावली की तो गुडघ्यावर आला. बंदुका तिच्याकडे वळल्या.

"आजी, अहो... मग काय म्हणू?" तो गाल धरून म्हणाला. बिचारा घाबरला होता.

"मारली म्हण. त्यांनी मारली असं म्हण. देऊ म्हणू नकोस. ती काय शेळी आहे द्यायला? आता न्यायचं काय आहे ते दाखव."

दारूगोळ्याच्या पेट्या होत्या. जड ओझ्याला पाठीपेक्षा आम्हा बायकांचं डोकं बरं. तिने एक उचलली, मी एक उचलली. नदीपर्यंत ती रडत गेली, मोठ्याने, लहान मुलीसारखी आई आई करत. दोन्ही हात पेटीला लागलेले, डोळे पुसता येत नव्हते. मी एका हाताने पेटी सावरत दुसऱ्याने तिचे डोळे पुसायला गेले, तर तिने मला सणसणीत शिवी दिली.