सातवा खेळाडू

आमचा फुटबॉल क्लब माझ्यामुळे बंद पडला. तो तसाही मरायला टेकला होता, असं बायको समजूत घालताना म्हणते. टेकला होता हे खरं, पण शेवटचा धक्का माझा.

क्लब माझ्यापेक्षा वयाने मोठा. गौलीगुड्यातल्या गवळ्यांच्या मुलांनी, एका शिंप्याने आणि कोर्टातल्या एका कारकुनाने, म्हणजे माझ्या आजोबांनी, तो काढला. नाव दोनदा बदललं. आधी मोहल्ल्याचं होतं, मग जर्सी देणाऱ्या दुकानदाराचं झालं, आणि दुकान बुडाल्यावर पुन्हा मोहल्ल्याचं. पुढे मैदानाचं पार्किंग झालं. तोवर आम्ही अंबरपेठेत राहायला आलो होतो, तेव्हा अण्णांनी, माझ्या वडिलांनी, घरच्या सामानासारखा क्लबही इकडे आणला आणि एका शाळेच्या पटांगणात मांडला. कमाई म्हणाल तर उपविजेतेपदाचा एक कप, तोही एका कानाचा. शिवाय सिकंदराबादच्या रेल्वेवाल्यांना एकदा हरवल्याची आठवण. ती मॅच आमच्या घरी दर दिवाळीला एका गोलाने वाढायची.

अण्णा सरकारी शाळेत गणिताचे मास्तर. आजोबांनंतर क्लबचे सेक्रेटरी तेच. रिटायर झाल्यावर तर त्यांना दुसरा उद्योगच उरला नाही. कुणाच्या बुटाचा तळ सुटला, कुणाच्या आईने खेळायला नको म्हटलं, सगळं मास्टरसाब निस्तरणार. आईला एकही रविवार सुट्टीचा मिळाला नाही, आणि ती ते बोलून दाखवायची.

शेवटच्या सीझनला नियम साधा होता. दोनदा टीम उतरली नाही की लीगमधून क्लबचं नाव कायमचं कापायचं. एकदा आमचं तसं होऊन गेलं होतं. त्या रविवारी अकरा नसले तरी निदान सात जण हवे होते, कारण सातांवर मॅच सुरू करता येते.

सहाच आले. एक जण फूड डिलिव्हरीच्या ड्यूटीवर अडकला होता. दोघांना एका नव्या अकॅडमीने उचललं होतं, आणि त्या दिवशी समोर टीम होती ती त्याच अकॅडमीची. बाकीचे फोन उचलत नव्हते. अण्णा इस्त्रीच्या पांढऱ्या शर्टात, हातात जर्सींची पिशवी घेऊन गेटकडे बघत उभे होते. रेफरीने घड्याळ पाहिलं आणि पंधरा मिनिटं दिली.

आता माझं सांगतो. यादी भरायची म्हणून अण्णा दर वर्षी माझंही नाव खेळाडूंत घालत. फोटोसकट कार्ड होतं माझं. घरी त्यावरून चेष्टा चालायची. मुलगी म्हणायची, "बाबा, तू बेंच नाहीस, अख्खा सोफा आहेस." वय त्रेचाळीस, पोट पुढे, आणि जन्मात कधी मॅच खेळलेलो नाही. मी फक्त अण्णांना स्कूटरवर सोडायला आलो होतो.

कॅप्टन माझ्याजवळ आला. "भाई, आपका कार्ड हैच ना. खाली गोल में खड़े रओ. भागना नक्को, कुछ नक्को."

अण्णांनी पिशवीतून जर्सी काढून माझ्यापुढे धरली. समोर अकॅडमीच्या मुलांचे आईबाप खुर्च्या टाकून, मोबाइल सरसावून बसले होते. त्यांत माझ्या ऑफिसातला साहेब होता. त्याने मला ओळखून हातही हलवला होता. त्या आखूड जर्सीत, गोलमध्ये, दहा-बारा गोल खाताना तो माझा व्हिडिओ काढणार, एवढंच मला दिसलं.

"गुडघा दुखतोय माझा," मी म्हणालो.

सकाळीच मी अण्णांसमोर गॅसचा सिलिंडर दोन जिने चढवून आणला होता. त्यांनी जर्सी तशीच माझ्यापुढे धरून ठेवली. "नुसतं उभं राहायचंय रे," असं एकदा म्हणाले, तेही कॅप्टनला ऐकू जाणार नाही इतक्या हळू. मी गुडघा चोळत राहिलो. नकारापेक्षा त्या चोळण्याचीच मला आज जास्त लाज वाटते.

रेफरीने शिट्टी दिली. अण्णांनी त्याच्या कागदावर सही केली, समोरच्या कोचशी हात मिळवला आणि सहाही पोरांच्या पाठीवरून हात फिरवला. एक जण रडत होता. बाकीचे मान खाली घालून बुटांच्या नाड्या सोडत होते. अकॅडमीच्या मुलांनी तेवढ्यात आपली प्रॅक्टिस सुरू केली.

घरी जाताना मी सगळा रस्ता बोलणी खायची तयारी ठेवून होतो. सिग्नलला थांबलो तेव्हा अण्णा मागून बोलले.

"तुझी चूक नाही. शाळेत असताना किती मागे लागला होतास, मलाही टीममध्ये घ्या म्हणून. मीच नको म्हणालो. दुसऱ्यांची पोरं खेळवली आणि तुला गणितं घालून बसवलं. आज कुठल्या तोंडाने तुला सांगणार होतो, उभा राहा म्हणून? चूक माझीच, नाही का?"

मला तो हट्ट आठवतही नव्हता. गुडघा ठीक आहे, मी साहेबाला लाजलो, एवढंच सांगायचं होतं. सिग्नल सुटला, मागचे हॉर्न वाजवायला लागले.

"हौ अण्णा," मी म्हणालो, आणि गाडी पुढे काढली.

तीन महिन्यांनी ते गेले, चूक आपलीच होती असं धरून.