नदीचा डावा हात

पुलाच्या खांबावर रंगवलेली पट्टी वाचायची आणि दर तासाला पाणी किती ते राफ्टवाल्यांना कळवायचं, हे घड्याळकाकांचं काम. गुडघा गेला त्याआधी वीस वर्षं त्यांनी स्वतः राफ्ट चालवली. आमची नदी बर्फाची. डोंगरावर दुपारी वितळलेलं पाणी पुलापाशी पोचायला चार वाजतात, म्हणून सकाळी ज्या डोहात पोरंटोरं डुंबतात, तिथे संध्याकाळी पायही ठरत नाही. पुलाच्या वरच्या अंगाला एक खडक नदीचे दोन फाटे करतो; त्यातला कोणता घ्यायचा तेही काकाच सांगतात.

काका घड्याळ उजव्या मनगटावर बांधतात, म्हणून हे नाव. नदीचं डावं-उजवं धरायचं ते पाणी वाहतं त्या दिशेला तोंड करून. काका मात्र दिवसभर वरून येणाऱ्या राफ्टकडे बघत उभे, म्हणजे त्यांचा उजवा हात तो नदीचा डावा. या कामावर पहिल्याच महिन्यात त्यांनी आपल्या डाव्याला डावं म्हटलं, राफ्ट भलत्याच फाट्यात गेली आणि एका माणसाचं खांद्याचं हाड मोडलं. तेव्हापासून घड्याळ ज्या हाताला, ते नदीचं डावं.

माझी लेक यंदा राफ्ट चालवायला लागली. सुट्टी असली की मी पुलावर जाऊन बसते.

"वहिनी, तुम्ही बघत बसल्याने राफ्ट उलटायची थांबत नाही," काका म्हणतात. "पण चहा आणलात तर मला बरं वाटतं."

परवा चारच्या सुमाराला उजव्या फाट्यात एक झाड येऊन अडकलं. आडवं, फांद्या पाण्याखाली. तेवढ्यात वळणावर लेकीची पिवळी राफ्ट दिसली, आत सहा पाहुणे. काकांनी वॉकी-टॉकी तोंडाशी नेला, सवयीने मनगटाकडे पाहिलं आणि थबकले. मनगट मोकळं. पट्टा सकाळीच तुटला होता. घड्याळ खिशात होतं, तेही डाव्या.

"काका, बोला ना!"

काकांनी चक्क राफ्टकडे पाठ फिरवली.

"अहो, पाठ काय फिरवताय? माझी पोरगी तिकडे आहे!"

"वहिनी, जरा गप्प बसा."

वाहत जाणाऱ्या पाण्याकडे तोंड करून त्यांनी डावा हात वर केला. मग बोलले, "डावा फाटा. उजवीकडे झाड आहे. डावा घे."

राफ्ट खडकाला घासली, कशीबशी वळली आणि डाव्या फाट्यातून पुलाखाली आली.

"आई," लेक खालून ओरडली, "काका रुसलेत का? पाठ करून उभे आहेत!"

काकांचा हात अजून वरच होता. मी केसांचं रबर काढून त्यांच्या उजव्या मनगटात घातलं.

"यात वेळ दिसत नाही," ते म्हणाले.

"वेळ मी सांगते. चार वाजून दहा मिनिटं."

"मग पट्टी वाचायची राहिली की," म्हणत ते कठड्यावरून खाली वाकले.